50 लाखांचं होम लोन शेवटी कितीला पडतं? पहिल्यांदा घर घेणाऱ्यांसाठी

घर बघायला सुरुवात केली की बिल्डरचा सेल्सवाला, बँकेचा एजंट, घरचे, सगळे एकच विचारतात, ईएमआय किती बसेल? तो पगारात बसला की झालं, बुकिंगचा चेक फाडायचा. माझं म्हणणं असं आहे की ईएमआय हा आकडा सगळ्यात शेवटी बघायचा. त्याआधी हे बघायचं की कर्ज संपेपर्यंत आपल्या खिशातून एकूण किती जाणार, त्यात व्याज किती, आणि पाच वर्षांनी, दहा वर्षांनी मुद्दल किती बाकी असेल. हे आकडे सहसा कोणी आपणहून समोर ठेवत नाही, पण ते काढायला सीए लागत नाही, मोबाईलवरची एक्सेल शीट पुरते.

पूर्ण लेखात एकच उदाहरण धरते म्हणजे गोंधळ नको. पुण्यात 70 लाखांचा फ्लॅट, त्यात 50 लाख कर्ज, दर 8.5 टक्के, मुदत 20 वर्षं. तुम्हाला आत्ता यापेक्षा कमी दर मिळत असेल तर उत्तमच, पण 20 वर्षांत दर वरखाली होणारच, म्हणून हिशोब थोडा चढ्या दराने केलेला बरा.

पायरी 1: कर्जाचं टेबल स्वतःच्या हाताने बनवा

ऑनलाइन कॅल्क्युलेटर ढिगाने आहेत पण एकदा तरी स्वतः बनवा, कारण आकडे आपल्या हाताने खाली उतरताना बघितले की जे कळतं ते कॅल्क्युलेटरच्या रंगीत गोलावरून कळत नाही. पाच कॉलम घ्या: महिना, सुरुवातीची बाकी, व्याज, मुद्दल, शेवटची बाकी. व्याज म्हणजे सुरुवातीची बाकी गुणिले वार्षिक दर भागिले 12. ईएमआयमधून ते व्याज वजा केलं की उरलं ते मुद्दल. ईएमआय काढायला शीटमध्ये पीएमटी नावाचं फंक्शन असतं, त्याला महिन्याचा दर, महिन्यांची संख्या आणि कर्जाची रक्कम द्यायची. आपल्या उदाहरणात उत्तर येतं 43,391 रुपये.

आता पहिली ओळ बघा. बाकी 50,00,000. व्याज 35,417. मुद्दल फक्त 7,974. म्हणजे तुम्ही त्रेचाळीस हजार भरले आणि कर्ज आठ हजारानेसुद्धा कमी झालं नाही. दुसऱ्या महिन्यात व्याज 35,360 आणि मुद्दल 8,031. तिसऱ्यात 35,303 आणि 8,088. असं महिन्याला पन्नास-साठ रुपयांनी ते हळूहळू सरकत जातं, आणि मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा जास्त व्हायला जवळपास बारावं वर्ष संपत येतं.

आता तेच टेबल खाली खाली ओढत न्या. पाच वर्षांनी तुम्ही बँकेला 26 लाख दिलेले असतात आणि बाकी असते 44 लाख 6 हजार, म्हणजे 26 लाखांतले 20 लाख व्याजात गेले. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, 52 लाख भरून झालेले असतात आणि तरी 35 लाख बाकी असतात. बऱ्याच लोकांना वाटतं की 20 पैकी 10 वर्षं झाली म्हणजे निम्मं कर्ज फिटलं. नाही, 30 टक्के फिटलं. शेवटी सगळं मिळून 1 कोटी 4 लाख जातात, त्यात व्याज 54 लाख.

यात बँकेने काही फसवलेलं नसतं हेही नीट समजून घ्या. बाकी जास्त असते तेव्हा व्याज जास्त, बाकी कमी झाली की व्याज कमी, इतकं ते साधं आहे. म्हणूनच सुरुवातीची पाच-सात वर्षं सगळ्यात महत्त्वाची, त्या काळात बाकी लवकर खाली आणली तर पुढचं सगळं गणित बदलतं, ते पायरी 7 मध्ये बघू.

पायरी 2: मुदत ठरवताना ईएमआयमधला फरक नाही, व्याजातला फरक बघा

एजंट म्हणेल, सर ईएमआय जड वाटतोय ना, 30 वर्षं करू या. मग ईएमआय 38,446 होतो. म्हणजे महिन्याला 4,945 रुपये वाचले. पण एकूण व्याज 54 लाखांवरून 88 लाखांवर जातं, 34 लाखांचा फरक. उलट 15 वर्षं घेतली तर ईएमआय 49,237 होतो, महिन्याला 5,846 रुपये जास्त, आणि व्याज 38 लाख 60 हजारांवर येतं. मुदत वाढवून ईएमआय फारसा कमी होत नाही, कारण खाली व्याजाचा तळ असतो, 50 लाखांवर 8.5 टक्क्याने महिन्याला 35,417 व्याज तर द्यायचंच आहे, मुदत शंभर वर्षं केली तरी ईएमआय त्याच्या खाली जाणार नाही.

काही जण मुद्दाम 25-30 वर्षांची मुदत घेतात, ईएमआय हलका ठेवतात आणि जमेल तसं जास्तीचं भरत राहतात. नोकरीची शाश्वती नसेल, कमिशनवर किंवा धंद्यावर घर चालत असेल तर हे शहाणपणाचं आहे, फक्त ते जास्तीचं भरणं खरंच झालं पाहिजे. गाडी आली, मुलांची फी आली, लग्नकार्य आलं की ते आधी थांबतं आणि 30 वर्षांचं कर्ज 30 वर्षंच चालतं, हे फार घरांत बघितलंय.

एक गोष्ट मात्र न्यायाने सांगायला हवी. 1 कोटी 4 लाख हा आकडा दिसायला भयंकर वाटतो पण ते सगळे आजचे रुपये नाहीत. महागाई वर्षाला 6 टक्के धरली तर 20 वर्षांनंतरच्या 43,391 रुपयांची किंमत आजच्या साडेतेरा हजारांएवढी असेल. पगार वाढत जातो, ईएमआय तिथेच राहतो, म्हणून पहिली तीन-चार वर्षं ओढाताण होते आणि नंतर सोपं होत जातं. तेव्हा आकडा बघून घाबरायचं नाही, पण दोन बँकांची, दोन मुदतींची तुलना करताना एकूण आकडाच समोर ठेवायचा.

पायरी 3: कर्जाबाहेरचे पैसे मोजा

इथे सगळ्यात जास्त लोक अडकतात. बँक घराच्या किमतीच्या किती टक्के कर्ज देऊ शकते याला आरबीआयची मर्यादा आहे: 30 लाखांपर्यंतच्या कर्जाला 90 टक्के, 30 ते 75 लाखांना 80 टक्के, त्यावर 75 टक्के. आणि या किमतीत स्टॅम्प ड्युटी आणि रजिस्ट्रेशन सहसा धरत नाहीत, फक्त 10 लाखांपर्यंतच्या घराला त्यात सवलत आहे. म्हणजे ते पैसे तुमच्या खिशातून.

पुण्यात स्टॅम्प ड्युटी सगळे अधिभार धरून 7 टक्के पडते, मुंबईत 6. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात 1 टक्का सूट आहे, 70 लाखांवर 70 हजार वाचतात, तेव्हा घरात हा विषय आधीच बोलून घ्या. रजिस्ट्रेशन फी 30 लाखांवरच्या घराला 30 हजार. घर बांधकाम चालू असलेलं असेल तर 5 टक्के जीएसटी, परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसत असेल, म्हणजे 45 लाखांच्या आत आणि मुंबईसारख्या महानगरात 60, पुण्यासह इतर ठिकाणी 90 चौरस मीटर कार्पेटच्या आत, तर 1 टक्का, आणि कम्प्लिशन सर्टिफिकेट आल्यानंतर विकत घेतलं तर जीएसटी नाहीच.

आपल्या फ्लॅटला लावून बघा. स्वतःचे 20 लाख डाऊन पेमेंट, 4 लाख 90 हजार स्टॅम्प ड्युटी, 30 हजार रजिस्ट्रेशन, बांधकाम चालू असेल तर साडेतीन लाख जीएसटी. हे झाले 28 लाख 70 हजार. अजून पार्किंग, सोसायटीचे सुरुवातीचे पैसे, दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स, मग किचन ट्रॉली, ग्रिल, पंखे, पडदे. लोक 20 लाख जमवून निघतात आणि बाकीच्यासाठी पर्सनल लोन काढतात किंवा क्रेडिट कार्ड घासतात, होम लोनपेक्षा कितीतरी महाग दराने, आणि मग दोन ईएमआय सुरू होतात. कृपा करून हे करू नका. पैसे कमी पडत असतील तर एक वर्ष थांबा किंवा लहान घर बघा.

किंमत 50 लाख किंवा त्याहून जास्त असेल तर 1 टक्का टीडीएस कापून सरकारकडे भरायची जबाबदारी घेणाऱ्याची असते. हे जास्तीचे पैसे नाहीत, किमतीतलेच कापायचे, पण भरायचं विसरलात तर व्याज आणि दंड तुम्हालाच. तसंच कर्जाच्या तारणावर वेगळी स्टॅम्प ड्युटी आणि नोटीस ऑफ इंटिमेशनची, म्हणजे घर बँकेकडे तारण आहे अशी सरकारकडे द्यायच्या नोटिशीची, फी लागते, ही नोटीस 30 दिवसांच्या आत दाखल करायची असते. प्रोसेसिंग फी, लीगल, व्हॅल्युएशन हे बँकेचे वेगळे.

पायरी 4: केएफएस मागा आणि एपीआर वाचा

1 ऑक्टोबर 2024 पासून आरबीआयच्या नियमाने रिटेल कर्जाला बँकेने केएफएस द्यावंच लागतं, म्हणजे कर्जाचे मुख्य मुद्दे एका ठरलेल्या नमुन्यात लिहिलेला कागद. त्यात एपीआर असतो, म्हणजे व्याजाचा दर अधिक सगळे चार्जेस धरून वर्षाला खरोखर किती टक्के पडतंय ते. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, एपीआरवर करा. एक बँक 8.4 म्हणते पण फी जास्त आणि विमा गळ्यात मारते, दुसरी 8.5 म्हणते आणि फी माफ, तर दुसरी स्वस्त पडू शकते. केएफएसमध्ये ज्या चार्जचा उल्लेख नाही तो नंतर तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही, म्हणून तो कागद जपून ठेवा, फोटो काढून मेलवर टाका. सही करायला निदान तीन कामाचे दिवस मिळायला हवेत, आजच सही करा उद्या ऑफर संपेल असं कोणी म्हणालं तर बसू द्या त्याला.

विम्याबद्दल जरा सविस्तर. सँक्शनच्या वेळी लोन प्रोटेक्शन पॉलिसी पुढे केली जाते, एकरकमी प्रीमियम, आणि म्हणतात काळजी नको सर, लोनमध्येच ॲड करून देतो. समजा प्रीमियम दीड लाख. तो 8.5 टक्क्याने 20 वर्षं फेडला तर महिन्याला 1,302, एकूण 3 लाख 12 हजार. शिवाय बऱ्याचदा कव्हर कर्जासोबत कमी कमी होत जातं, आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तर पॉलिसीचं काय होणार ते वेगळं वाचावं लागतं. कर्ज घेताना विमा पाहिजेच, त्याबद्दल दुमत नाही, घरात कमावणारा एकच असेल तर फारच पाहिजे, पण वेगळा साधा टर्म प्लॅन घ्या, प्रीमियम वर्षाला भरा. बँकेकडूनच पॉलिसी घ्या अशी सक्ती करता येत नाही. तसं कोणी तोंडी म्हणत असेल तर मेलवर लिहून मागा, बहुतेक वेळा तिथेच विषय मिटतो.

पायरी 5: बांधकाम चालू असलेलं घर असेल तर प्री-ईएमआय

बँक पैसे स्लॅबप्रमाणे, म्हणजे बांधकाम पुढे सरकेल तसे टप्प्याटप्प्याने, सोडते. पझेशनपर्यंत जेवढे सोडले त्यावर फक्त व्याज भरायचं, याला प्री-ईएमआय म्हणतात, आणि यात मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. समजा तीन वर्षं लागली आणि सरासरी निम्मं कर्ज बाहेर होतं, तर सहा लाखांच्या वर व्याज गेलं आणि कर्ज 50 लाखांचं 50 लाखच, 20 वर्षं अजून सुरूच व्हायचीत. वर तुम्ही भाड्याच्या घरात असाल तर ते भाडं पण धरा. पझेशन एक वर्ष लांबलं तर 50 लाख पूर्ण सुटलेल्या कर्जावर ते वर्ष सव्वाचार लाखांना पडतं. म्हणून स्वस्त दिसणारं बांधकाम चालू असलेलं घर आणि महाग दिसणारं तयार घर यांची तुलना करताना जीएसटी, प्री-ईएमआय, भाडं हे तिन्ही मिळवूनच करा. बऱ्याचदा फरक उरतच नाही. जमत असेल तर बँकेला पहिल्या हप्त्यापासून पूर्ण ईएमआय सुरू करायला सांगा. महारेराच्या साइटवर प्रोजेक्टची पझेशनची जाहीर तारीख आणि ती किती वेळा वाढवली ते दिसतं, बुकिंगआधी तेवढं नक्की बघा.

पायरी 6: दर बदलतो तेव्हा काय होतं

फ्लोटिंग दर म्हणजे बदलता. ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवीन फ्लोटिंग होम लोन बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँकेच्या हातात नसलेल्या आधाराच्या दराला, बहुतेक ठिकाणी आरबीआय बँकांना ज्या दराने पैसे देते त्या रेपो रेटला, जोडलेली असतात. त्यावर बँक आपला स्प्रेड, म्हणजे वरचे काही टक्के, लावते आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर रीसेट होतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही, त्या स्वतःचा बेंचमार्क वापरतात, म्हणून तिथे रेपो कमी झाला तरी तुमचा दर कधी आणि किती कमी होईल हे आधी विचारून घ्या.

2022 चं उदाहरण मुद्दाम बघा. मे 2022 च्या आधी रेपो 4 टक्के होता, फेब्रुवारी 2023 पर्यंत तो साडेसहा झाला. ज्याने 2021 मध्ये 50 लाख 6.75 टक्क्याने 20 वर्षांसाठी घेतले त्याचा ईएमआय होता 38,018. दर झाला 9.25. तोपर्यंत बाकी साडेअठ्ठेचाळीस लाख राहिली असं धरा, तर महिन्याचं नुसतं व्याज झालं 37,385. मुद्दलाला उरले सहाशे तेहतीस रुपये. ईएमआय तसाच ठेवला तर या वेगाने कर्ज फिटायला अजून 44 वर्षं. दर वाढला की अनेक ठिकाणी ईएमआय तसाच ठेवून मुदत वाढवली जायची, आणि लोकांना पत्ताच नव्हता, ईएमआय तोच कापला जातोय म्हणजे सगळं ठीक आहे असं वाटायचं. म्हणून ऑगस्ट 2023 मध्ये आरबीआयने सांगितलं की दर रीसेट होताना ग्राहकाला ईएमआय वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडू द्या, दर तीन महिन्यांनी आत्तापर्यंत किती मुद्दल-व्याज घेतलं आणि किती ईएमआय उरले याचं स्टेटमेंट द्या.

ते स्टेटमेंट उघडून बघत जा. त्यात एकच आकडा शोधायचा, उरलेले ईएमआय. मागच्या वेळी 214 होते आणि आता 231 झाले असतील तर त्याच दिवशी बँकेत जा आणि ईएमआय वाढवून मागा.

आणि दर कमी झाला तर? 2025 मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला. अशा वेळी ईएमआय कमी करून घ्यायचा मोह होतो, तो टाळा, ईएमआय तसाच राहू दे, मुदत आपोआप कमी होईल. आधी हे मात्र बघा की तुमचं कर्ज खरंच रेपोला जोडलेलं आहे का. 2019 च्या आधीची कर्जं अजून एमसीएलआरवर किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर, म्हणजे बँक स्वतः ठरवते त्या जुन्या दरांवर, अडकलेली सापडतात. तसंच नवीन ग्राहकाला मिळणारा स्प्रेड तुमच्यापेक्षा कमी असेल तर तुमच्याच बँकेत कन्व्हर्जन फी भरून तो दर मागता येतो. अर्धा टक्का म्हणजे किरकोळ वाटतं, पण 50 लाखांवर 20 वर्षांत 8.5 आणि 8 मध्ये पावणेचार लाखांचा फरक पडतो. बँक ऐकत नसेल तर बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे कर्ज दुसऱ्या बँकेत नेणं, फक्त त्यात नवीन बँकेची प्रोसेसिंग फी, तारणाचा खर्च परत येतो तो वजा करून बघा, आणि ट्रान्सफर करताना मुदत पुन्हा 20 वर्षं करू नका. दर कमी झाला, मुदत वाढली, एकूण व्याज जास्तच गेलं, असं सर्रास होतं.

पायरी 7: जास्तीचं भरणं, आणि ते लवकर भरणं

फ्लोटिंग दराच्या होम लोनवर वैयक्तिक कर्जदाराला प्रीपेमेंटचा दंड लागत नाही, बँकांसाठी हा नियम 2012 पासूनचा आहे. फिक्स्ड दराला लागू शकतो, तिथे करार वाचा.

पहिल्या वर्षाच्या शेवटी 1 लाख जास्तीचे भरले आणि मुदत कमी करून घेतली तर शेवटचे जवळपास 11 ईएमआय गळून पडतात, म्हणजे पावणेपाच लाखांच्या वर. तेच 1 लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर साडेतीन ईएमआय, दीड लाख. पैसे तेवढेच, फक्त वेळ वेगळी. दरवर्षी एक जास्तीचा ईएमआय भरला, दिवाळी बोनसमधून म्हणा किंवा कसाही, तर 20 वर्षांचं कर्ज साधारण पावणेसतरा वर्षांत संपतं आणि दहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. आणि ईएमआय दरवर्षी 5 टक्क्यांनी वाढवत नेला, म्हणजे 43,391 नंतर 45,561 असं, तर कर्ज सव्वाबारा वर्षांच्या आत संपतं, व्याज 54 लाखांवरून 35 लाखांच्या आसपास येतं. मला स्वतःला हा शेवटचा मार्ग सगळ्यात आवडतो, कारण पगारवाढीसोबत तो जमून जातो आणि एकरकमी पैसे जमवायची वाट बघावी लागत नाही. बाराव्या वर्षी ईएमआय 74 हजार झालेला असेल हे मात्र लक्षात ठेवा, पगार त्या वेगाने वाढला नाही तर मध्येच थांबवा, काही बिघडत नाही.

पार्ट पेमेंट करताना बँकेला लेखी सांगा की ईएमआय तसाच ठेवा, मुदत कमी करा. न सांगता भरलं तर काही ठिकाणी ईएमआय कमी होतो आणि फायदा बराचसा निघून जातो. ओळखीतल्या एका जोडप्याने दोन वर्षं असं भरलं आणि ॲपमध्ये बघितलं तर मुदत होती तिथेच. भरल्यावर आठवड्याने नवीन शेड्यूल डाऊनलोड करून आपल्या टेबलाशी ताडून बघा.

सगळे पैसे कर्जातही ओतू नका. आधी सहा महिन्यांचा घरखर्च आणि ईएमआय एफडीत किंवा सेव्हिंगमध्ये बाजूला हवा, मेडिक्लेम हवा, क्रेडिट कार्ड आणि पर्सनल लोन आधी संपवायचं. मग प्रीपेमेंट. म्युच्युअल फंडात जास्त मिळेल की कर्ज फेडलेलं बरं, यावर वाद चालूच राहील, पण 8.5 टक्क्याचं कर्ज फेडणं म्हणजे 8.5 टक्के नक्की मिळवणं, तेही करमुक्त, आणि तसा नक्की परतावा दुसरीकडे सहज मिळत नाही.

पायरी 8: टॅक्सच्या भरवशावर कर्ज घेऊ नका

हे थोडक्यात. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंत वजावट आणि मुद्दलावर दीड लाखाच्या मर्यादेत वजावट फक्त जुन्या टॅक्स पद्धतीत मिळते. नवीन पद्धत, जी आता डिफॉल्ट आहे, तिच्यात राहत्या घराला हे नाही. जुन्या पद्धतीत 30 टक्के स्लॅब असला तरी 2 लाखांवर 62,400 वाचतात, आणि पहिल्या वर्षी व्याज गेलेलं असतं 4 लाख 21 हजार. नवरा-बायको दोघं सहमालक आणि सहकर्जदार असतील तर दोघांना वेगवेगळे 2 लाख मिळतात, एवढं लक्षात ठेवा.

पायरी 9: भाड्याशी तुलना बरोबर करा

लोक म्हणतात भाडं म्हणजे पैसे वाया, ईएमआय म्हणजे आपलं घर. ही तुलना चुकीची आहे. भाड्याशी तुलना ईएमआयची नाही, व्याजाची करायची, कारण मुद्दल ही तुमची बचत आहे आणि व्याज हे पैशाचं भाडं.

आपल्या फ्लॅटमध्ये पहिल्या वर्षी महिन्याला 35 हजार व्याज, समजा 4 हजार मेंटेनन्स, हजारभर प्रॉपर्टी टॅक्स. शिवाय तयार घर धरलं तरी डाऊन पेमेंट, स्टॅम्प ड्युटी, रजिस्ट्रेशन मिळून 25 लाख रोख गुंतले, ते 7 टक्क्याच्या एफडीत असते तर महिन्याला साडेचौदा हजार आले असते. बेरीज गेली 54-55 हजारांवर. तसाच फ्लॅट शेजारी 20-22 हजारांनी भाड्याने मिळत असेल तर स्वतःच्या घराची महिन्याची जास्तीची किंमत 30 हजारांच्या वर झाली. ती किंमत देऊ नका असं मी अजिबात म्हणत नाहीये. घरमालक दर 11 महिन्यांनी भाडं वाढवतो, मुलांची शाळा बदलावी लागते, आईवडिलांना म्हातारपणी सामान हलवायला लावायचं नसतं, घराची किंमत वाढू शकते, आणि वर्षं जातात तसं व्याज कमी होतं आणि भाडं वाढतं. फक्त ही किंमत माहीत असून द्या. आणि दोन-तीन वर्षांत शहर बदलायची शक्यता असेल तर घेऊच नका, तेवढ्या काळात स्टॅम्प ड्युटीसुद्धा भरून निघणं कठीण.

प्रॉपर्टी टॅक्समध्ये सवलती आहेत त्या सोडू नका. पुणे महापालिकेत स्वतः राहत असलेल्या घराला 40 टक्के सवलत आहे, पण त्यासाठी पीटी 3 फॉर्म भरावा लागतो. मुंबईत 500 चौरस फुटांपर्यंतच्या घरांना मालमत्ता कर माफ केलाय.

पायरी 10: कर्ज संपल्यावरची कामं

शेवटचा ईएमआय कापला म्हणजे काम संपलं नाही. आधी बँकेकडून शून्य बाकीचं पत्र आणि नो ड्यूज घ्या. मूळ कागदपत्रं, म्हणजे करारनामा, इंडेक्स टू, पावत्या, जे जे दिलं होतं त्याची यादी कर्ज घेतानाच बनवून बँकेचा शिक्का घेऊन ठेवलेली असेल तर आता ती कामाला येते. आरबीआयच्या नियमाप्रमाणे पूर्ण फेड झाल्यापासून 30 दिवसांत मूळ कागद परत द्यायचे असतात, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई बँकेने द्यायची. कागद मोजून घ्या, पानं उलटून बघा. सेरसाईवरचा, म्हणजे तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतला, बोजा काढला का ते विचारा, सोसायटीच्या रजिस्टरमध्ये बँकेची नोंद असेल ती काढायला अर्ज द्या, आणि महिना-दोन महिन्यांनी सिबिल रिपोर्ट काढून बघा, तिथे ते खातं क्लोज्ड दाखवलं पाहिजे. नसेल तर नो ड्यूजची कॉपी लावून बँकेला लेखी कळवा, तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर आरबीआयच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते, त्याला फी लागत नाही.